गुणवंतांची पुस्तके आणि गुणग्राहक समाज

(एका सार्वजनिक वाचनालयाच्या वार्षिकोत्सवात झालेल्या व्याख्यानाचे हे शब्दांकन.)



आपल्या मराठीत ‘गुण’ हा शब्द दोन अर्थांनी वापरला जातो. अंगी असलेली योग्यता म्हणजे गुण आणि परीक्षेच्या गुणपत्रिकेवर छापलेला आकडा, तोही गुणच. निकालाचे दिवस आले की घरोघरी दुसऱ्या अर्थाची चर्चा सुरू होते आणि पहिला अर्थ कोपऱ्यात जाऊन बसतो. वाचनालयाने मला ‘गुणवत्तेची पुस्तके’ हा विषय दिला, तेव्हा प्रथम मनात आले ते हेच. ज्या घरातील मुलगा-मुलगी दहावी-बारावीच्या उंबरठ्यावर आहे, त्या घरातील माणसांच्या हाती आपण कोणती पुस्तके देतो? आणि ती पुस्तके त्यांना गुणाविषयी काय सांगतात?

थोर, कर्तबगार, प्रतिभावंत माणसांविषयीची पुस्तके ही कोणत्याही वाचनालयात सर्वाधिक मागणी असलेली पुस्तके. त्यांचे ढोबळमानाने तीन प्रकार पडतात. पहिला ऐतिहासिक-पौराणिक कादंबऱ्यांचा, दुसरा आत्मचरित्रे आणि आठवणींचा, तिसरा व्यक्तिमत्त्वविकासाच्या पुस्तकांचा. एकाच घरातील तीन पिढ्या ही तीन प्रकारची पुस्तके वाचत असतात. आजोबा ‘स्वामी’ पुन्हा एकदा घेऊन जातात, आई ‘स्मृतिचित्रे’ नेते आणि महाविद्यालयात जाणारा मुलगा यशाची सूत्रे सांगणारे अनुवादित पुस्तक. तिन्ही पुस्तकांचा विषय एकच आहे, माणूस मोठा कशामुळे होतो? उत्तरे मात्र तीन वेगवेगळी आहेत. आज त्या तीन उत्तरांची आपण थोडी पारख करणार आहोत.

कादंबरीचे तेज

ऐतिहासिक कादंबरीपासून प्रारंभ करू. रणजित देसाई यांची ‘स्वामी’ १९६२ साली प्रसिद्ध झाली आणि १९६४ साली तिला साहित्य अकादमीचा पुरस्कार मिळाला. पानिपतच्या आघातानंतर, १७६१ साली, वयाच्या अवघ्या सोळाव्या वर्षी माधवरावांच्या अंगावर पेशवेपदाची वस्त्रे आली. तिजोरी रिकामी, घरात चुलत्याशी कलह, सीमेवर निजाम आणि हैदर. १७७२ साली थेऊर येथे सत्ताविसाव्या वर्षी क्षयाने त्यांचे देहावसान झाले. या अकरा वर्षांत मराठी राज्य पुन्हा उभे राहिले. ही हकीकत इतिहासाच्या पाठ्यपुस्तकात चार ओळींची असते. ती लाखो वाचकांच्या अंतःकरणात उतरली ती कादंबरीमुळे.

कादंबरीचे हे सामर्थ्य मान्यच केले पाहिजे. सोळा वर्षांचा मुलगा राज्य सावरू शकतो, हे ज्या वयात वाचावे त्या वयात वाचले की वाचकाच्या मनात स्वतःविषयी एक प्रश्न उभा राहतो. माझे सोळावे वर्ष कशात गेले? हा प्रश्न उपदेशाने निर्माण होत नाही.

परंतु कादंबरीला नायक लागतो आणि नायकाला तेजोवलय लागते. ते वलय जितके प्रखर, तितकी भोवतालची माणसे अंधारात जातात. शिवाजी सावंत यांच्या ‘मृत्युंजय’चे उदाहरण घ्या. १९६७ साली आलेल्या या कादंबरीत कर्णाबरोबरच कुंती, दुर्योधन, वृषाली, शोण आणि श्रीकृष्ण यांनाही लेखकाने बोलते केले आहे. म्हणजे एका थोर जीवनाला किती माणसांचा स्पर्श असतो, याचे भान रचनेतच आहे. तरीही बहुतेक वाचक पुस्तक मिटताना काय घेऊन उठतात? कवचकुंडले आणि सूर्यपुत्रत्व. ज्या अधिरथाने आणि राधामातेने नदीतून वाहत आलेले मूल उचलून वाढविले, त्यांच्या घरापाशी आपण फारसे थांबत नाही. कर्णाची खरी व्यथा तर गुणाला जन्माचा दाखला मागणाऱ्या जगाची आहे. तिचे उत्तर आपण शेवटी ‘तो मुळात क्षत्रियच होता’ असे देऊन टाकले, तर त्या दाखला मागणाऱ्यांच्या बाजूलाच आपण जाऊन बसलो, असे होते.

कलावंतावरील कादंबरीत हे आणखी स्पष्ट होते. रणजित देसाई यांनीच पुढे ‘राजा रविवर्मा’ लिहिली. चित्रकाराचे अंतरंग हा कादंबरीचा प्रांत आणि तेथे एकाकी प्रतिभावंत शोभून दिसतो. इतिहासातील रविवर्मा मात्र एकाकी नव्हते. १८४८ साली किळिमानूर येथे जन्मलेल्या या मुलाचा हात मामा राजराज वर्मा यांनी ओळखला, त्याला चित्रकलेचे पहिले धडे दिले आणि तिरुवनंतपुरमच्या दरबारात नेले. महाराज आयिल्यम तिरुनाळ यांचा आश्रय मिळाला. तैलरंगांचे तंत्र सहजासहजी शिकविण्यास कोणी तयार नव्हते, तेव्हा दरबारात आलेल्या थिओडोर जेन्सन या युरोपीय चित्रकाराचे काम पाहून त्यांनी ते आत्मसात केले. पुढे मूळच्या तंजावरच्या मराठी परंपरेतील मुत्सद्दी दिवाण सर टी. माधवराव यांनी या चित्रांच्या छापील प्रती काढण्याची सूचना केली. १८९४ साली मुंबईत छापखाना निघाला, नंतर तो लोणावळ्याजवळ मळवली येथे गेला आणि लक्ष्मी-सरस्वती घराघरांतील भिंतींवर आल्या. या साऱ्या प्रवासात धाकटे बंधू सी. राजराज वर्मा सावलीसारखे बरोबर होते. ते स्वतः चांगले चित्रकार. भावाच्या चित्रांवर त्यांचाही हात फिरत असे. त्यांनी लिहिलेली रोजनिशी पुढे प्रसिद्ध झाली. दोघांचा प्रवास, ग्राहक, कामाची वाटणी, अडचणी या सर्वांची नोंद त्यात आहे. ज्याला प्रतिभा कशी जगते हे जाणून घ्यायचे आहे, त्याने कादंबरी मिटल्यावर ही रोजनिशीही हाती घ्यावी.

छत्रपती शिवाजी महाराजांविषयी तर हे विशेष लक्षात ठेवावे लागते. ‘श्रीमान योगी’ला नरहर कुरुंदकरांची प्रदीर्घ प्रस्तावना आहे. कादंबरीइतकीच ती प्रस्तावना वाचावी, असे मी तरुण वाचकांना नेहमी सुचवितो. महाराजांची स्वतःची प्रज्ञा अलौकिक होतीच. परंतु हिरोजी इंदुलकरांमधला बांधकामतज्ज्ञ, बहिर्जी नाईकांमधला हेर, मोरोपंतांमधला प्रशासक त्यांनी हेरला आणि कामाला लावला, हे त्यांच्या प्रज्ञेचे तितकेच मोठे अंग आहे. १६८० साली महाराज गेले, १६८९ साली संभाजीराजांची क्रूर हत्या झाली, १७०० साली राजाराम महाराज निवर्तले, तरी १७०७ साली औरंगजेब दक्षिणेतच संपला आणि राज्य शिल्लक राहिले. एका माणसाचे गुण त्याच्यासमवेत गेले असते, तर हे घडले नसते.

एक जीवन, अनेक पुस्तके

एकाच व्यक्तीवर निरनिराळ्या प्रकारची पुस्तके असली की हा फरक चांगला कळतो. डॉ. आनंदीबाई जोशी यांचे उदाहरण आपल्या सर्वांच्या परिचयाचे आहे. जन्म १८६५, नवव्या वर्षी विवाह, चौदाव्या वर्षी झालेले मूल उपचारांअभावी दगावले. १८८३ साली त्या अमेरिकेला निघाल्या आणि १८८६ च्या मार्चमध्ये पेनसिल्व्हानियाच्या महिला वैद्यकीय महाविद्यालयातून पदवीधर झाल्या. प्रस्थानापूर्वी श्रीरामपूर येथील सभेत त्यांनी आपण का जात आहोत हे विस्ताराने सांगितले. हिंदू म्हणून जाणार आणि हिंदू म्हणूनच परतणार, असा त्यांचा निर्धार होता. १८८७ च्या फेब्रुवारीत, बावीस वर्षेही पूर्ण होण्याआधी, पुण्यात त्यांचे निधन झाले. कोल्हापूरच्या रुग्णालयात त्यांची नेमणूक झाली होती, तेथे रुजू होणे मात्र घडले नाही.

त्यांच्या निधनानंतर वर्षभरातच अमेरिकेत कॅरोलिन डॉल यांनी त्यांचे चरित्र लिहिले. मराठीत काशीबाई कानिटकरांनी लिहिले. १९६८ साली श्री. ज. जोशी यांची ‘आनंदी गोपाळ’ ही कादंबरी आली, त्यावर नाटक झाले आणि २०१९ साली चित्रपटही. १९९७ साली अंजली कीर्तने यांनी संशोधनपूर्वक मोठे चरित्र सिद्ध केले. कादंबरी आणि चित्रपट स्वाभाविकपणे पती-पत्नीच्या नात्याभोवती फिरतात. गोपाळरावांचा हट्ट, त्यांचा विक्षिप्तपणा, प्रसंगी त्यांचे क्रौर्य आणि त्याच माणसाचा ध्यास यांत नाट्य आहेच. चरित्रे वाचली की या नाट्याच्या कडेला उभी असलेली माणसे दिसू लागतात. अमेरिकेतील एका नियतकालिकात गोपाळरावांचे पत्र वाचून, कधी न पाहिलेल्या या मुलीला थिओडोशिया कार्पेंटर नावाच्या गृहिणीने पत्र लिहिले, पुढे आपल्या घरी मुलीसारखे ठेवून घेतले आणि तिच्या अस्थी आपल्या कुटुंबाच्या दफनभूमीत ठेवल्या.

आनंदीबाईंची बुद्धी सिद्ध झाली, जिद्द सिद्ध झाली, परंतु ती बुद्धी ज्या देहात होती त्याला जपण्याची सिद्धता झाली नव्हती. परदेशातील थंडी, आहार, क्षय आणि मायदेशी परतल्यावर हाती उरलेले तीन महिने. आपण त्यांच्या नावाने पुरस्कार देतो, हे योग्यच आहे. पण गुणी माणूस गेल्यानंतर त्याचा गौरव करणे सर्वांत सोपे असते, हेही त्यांच्या चरित्रातून शिकण्यासारखे आहे.

आठवणींतील ऋण

आता आत्मचरित्रांकडे वळू. खरा गुणी माणूस स्वतःविषयी लिहू लागतो, तेव्हा बहुधा तो इतरांविषयीच लिहितो, हा माझा वाचक म्हणून अनुभव आहे.

महर्षी धोंडो केशव कर्वे यांचे ‘आत्मवृत्त’ १९१५ साली प्रसिद्ध झाले. मुरूडहून सह्याद्री ओलांडून पायी साताऱ्याला परीक्षेसाठी गेलेला हा मुलगा वयाने लहान दिसतो म्हणून परत पाठविला गेला. एवढा प्रसंग आजच्या एखाद्या प्रेरक वक्त्याच्या हाती पडला, तर त्यावर तो तासभर टाळ्या मिळवील. कर्वे तो साधेपणाने सांगतात आणि पुढे जातात. त्यांच्या मनात खोलवर रुजलेली व्यक्ती म्हणजे गावच्या शाळेतील सोमण गुरुजी. लोककार्याची गोडी त्यांनी लावली, हे ऋण कर्वे विसरत नाहीत. गोपाळ कृष्ण गोखल्यांनी फर्ग्युसन महाविद्यालयात गणित शिकविण्यासाठी त्यांना बोलाविले नसते, तर पुण्याचे क्षेत्र कदाचित मिळालेच नसते. १८९६ साली अनाथ बालिकाश्रम, १९१६ साली महिला विद्यापीठ, १९५८ साली भारतरत्न. पण ‘आत्मवृत्त’ वाचताना आपण असामान्य आहोत असा भाव कोठेही जाणवत नाही.

लक्ष्मीबाई टिळकांची ‘स्मृतिचित्रे’ हे तर मराठीचे लेणे. शाळेचे शिक्षण जवळजवळ नाही. अक्षरओळख झाली ती लग्नानंतर. पतीच्या धर्मांतराने संसार दुभंगला, पुन्हा जुळला, दारिद्र्य, साथी, बिऱ्हाडे. आणि आयुष्याच्या संध्याकाळी या बाईंनी मराठी गद्यातील एक निर्मळ, हसरे पुस्तक लिहिले, शिवाय पतीचे अपुरे राहिलेले काव्य पूर्णत्वास नेले. त्यांच्यातील ही शक्ती विसाव्या वर्षी कोणत्या परीक्षेने मोजली असती? गुणाला वयाची अट घालणाऱ्या आपल्या काळाने हे पुस्तक पुन्हा वाचले पाहिजे.

डॉ. नरेंद्र जाधव यांचे ‘आमचा बाप आन् आम्ही’ १९९३ साली आले. लेखक अर्थतज्ज्ञ, मोठ्या पदांवर काम केलेले. पण पुस्तकाच्या नावातच पहिला मान बापाला आहे. मुंबईच्या बंदरात राबणारे, डॉ. बाबासाहेब आंबेडकरांच्या शब्दावर श्रद्धा ठेवून मुलांना शिकविणारे दामू जाधव. मुलाने काहीही व्हावे, पण जे होईल त्यात सर्वांत पुढे असावे, एवढीच त्यांची अट. शाळेचे तोंड नीटसे न पाहिलेल्या या माणसाला गुणवत्तेचे मर्म कळले होते.

आणि डॉ. अब्दुल कलाम. ‘विंग्ज ऑफ फायर’ १९९९ साली इंग्रजीत आले. माधुरी शानभाग यांनी केलेला त्याचा अनुवाद ‘अग्निपंख’ म्हणून घरोघरी पोहोचला. हे पुस्तक बहुतेक ठिकाणी यशाच्या सूत्रांच्या कप्प्यात ठेवलेले दिसते. पण ते नीट वाचून पाहा. रामेश्वरमच्या या मुलाला अभियांत्रिकीच्या प्रवेशासाठी पैसे हवे होते, तेव्हा बहीण जोहराने सोन्याच्या बांगड्या आणि साखळी गहाण ठेवली. शिवसुब्रह्मण्य अय्यर या सनातनी वळणाच्या शिक्षकांनी त्याला घरी जेवायला बोलाविले. पत्नीने वाढण्यास नकार दिला, तेव्हा गुरुजींनी स्वतः वाढले आणि त्याच्या शेजारी बसून जेवले. पुढच्या वेळी त्याच गृहिणीने आपल्या हाताने वाढले. वायुसेनेच्या निवडीत आठ जागा आणि कलाम नववे. निराश अवस्थेत ते ऋषिकेशला गेले, तेथे स्वामी शिवानंदांनी धीर दिला. १९७९ च्या ऑगस्टमध्ये एसएलव्ही-३ चे पहिले उड्डाण फसले, तेव्हा पत्रकारांना सामोरे गेले प्रा. सतीश धवन. १९८० च्या जुलैमध्ये यश मिळाले, तेव्हा धवन यांनी कलामांना पुढे केले. कलाम ही आठवण अखेरपर्यंत सांगत राहिले. एका माणसाच्या यशाच्या पुस्तकात इतकी माणसे!

सूत्रांच्या पुस्तकांचा हिशेब

तिसरा प्रकार व्यक्तिमत्त्वविकासाच्या पुस्तकांचा. यांची थट्टा करण्याची रीत आहे. मी ती करणार नाही. ज्याला घरात कोणी मार्गदर्शक नाही, अशा कित्येक तरुणांना या पुस्तकांनी उभारी दिली आहे. वेळेचे नियोजन, एकाग्रता, सभेत बोलण्याचे धाडस या गोष्टी शिकता येतात, हे सांगणे उपकारकच आहे.

या पुस्तकांचे मूळ एकोणिसाव्या शतकातील इंग्लंडमध्ये सापडते. १८५९ साली सॅम्युएल स्माइल्स यांचे ‘सेल्फ-हेल्प’ आले, त्याचा संदेश उद्योग आणि चिकाटी. दहाच वर्षांनी, १८६९ साली फ्रान्सिस गाल्टन यांचे ‘हेरेडिटरी जीनियस’ आले. त्याचा निष्कर्ष असा की बुद्धी वंशातून येते. प्रयत्न की जन्म, हा वाद तेव्हापासून चालू आहे.

अलीकडे प्रयत्नवाद्यांच्या हाती एक आकडा आला आहे, दहा हजार तास. त्याचा उगम सांगतो, कारण आपल्या मुलांवर हा आकडा लादला जात आहे. १९९३ साली अँडर्स एरिक्सन आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी बर्लिनच्या संगीत विद्यालयातील व्हायोलिनवादक विद्यार्थ्यांचा अभ्यास प्रसिद्ध केला. सर्वोत्तम विद्यार्थ्यांनी विसाव्या वर्षापर्यंत सरासरी दहा हजार तास एकट्याने रियाज केला होता. २००८ साली माल्कम ग्लॅडवेल यांच्या ‘आउटलायर्स’ने त्याचा जणू नियमच बनविला. पुढे २०१६ साली एरिक्सन यांनीच आपल्या पुस्तकात खुलासा केला की ती केवळ सरासरी होती, अनेकांनी तेवढे तास भरलेही नव्हते आणि निव्वळ तासांना महत्त्व नसून उत्तम गुरूच्या देखरेखीखाली, उणिवा हेरून केलेल्या सरावाला महत्त्व आहे. २०१४ साली अनेक संशोधनांचा एकत्रित आढावा प्रसिद्ध झाला. त्यात खेळाडू-खेळाडूंमधील, संगीतकार-संगीतकारांमधील जो फरक असतो, त्यातील सरावाचा वाटा संगीतात सुमारे २१ टक्के, मैदानी खेळांत १८ टक्के, तर शालेय शिक्षणात अवघा ४ टक्के आढळला. म्हणजे सराव हवाच, पण सारे काही सरावाच्या पदरात घालता येत नाही.

या पुस्तकांविषयी माझा मुख्य आक्षेप यापुढचा आहे. ‘तुम्ही ठरवाल ते तुम्ही मिळवाल’ हे वाक्य यशस्वी माणसाला गोड लागते. अयशस्वी मुलाच्या कानात तेच वाक्य वेगळे ऐकू येते. मला मिळाले नाही, म्हणजे मी पुरेसे ठरविलेच नाही! शिकवणीसाठी घर सोडून कोटा किंवा लातूरला गेलेल्या, एका खोलीत राहणाऱ्या सतरा वर्षांच्या मुलाच्या मनावर या वाक्याचे किती ओझे येत असेल, याचा विचार आपण केला आहे का? प्रवेशाच्या जागा मर्यादित असतात आणि परीक्षार्थी अनेक पटींनी अधिक. सर्वांनी प्रयत्नांची शर्थ केली, तरीही बहुसंख्यांना ती जागा मिळणार नाही. हे साधे अंकगणित आहे. त्याचा दोष एकेका मुलाच्या इच्छाशक्तीवर टाकणे अन्यायाचे आहे.

आणि दुसरी बाजू पाहा. सारे यश जर एकट्याच्या प्रयत्नावर असेल, तर समाजावर कोणतीही जबाबदारी उरत नाही. वस्तीतील मुलगी शाळा सोडून धुणीभांडी करू लागली, तर तिने प्रयत्न केले नाहीत, एवढे म्हणून आपण मोकळे. जन्मवाद आणि प्रयत्नवाद एकमेकांचे विरोधक म्हणून उभे असतात, परंतु भोवतालच्या माणसांना जबाबदारीतून सोडविण्यात दोघांचे एकमत होते.

आपल्या शास्त्रातील उत्तर

बंधू-भगिनींनो, या वादाचा विचार आपल्या काव्यशास्त्राने फार पूर्वी केला आहे. काव्य कशामुळे निर्माण होते, हा त्यांचा प्रश्न. अकराव्या शतकात काश्मीरच्या मम्मटाने ‘काव्यप्रकाशा’त तीन गोष्टी सांगितल्या. शक्ती म्हणजे जन्मजात प्रतिभा, निपुणता म्हणजे लोकव्यवहार आणि शास्त्रे यांच्या अवलोकनाने आलेली जाण आणि तिसरा अभ्यास. हा अभ्यासही कसा? तर काव्याचे मर्म जाणणाऱ्यांच्या शिकवणुकीने केलेला. एरिक्सन यांना विसाव्या-एकविसाव्या शतकात जो खुलासा करावा लागला, तो येथे व्याख्येतच आहे. आणि या तिघांना मिळून मम्मटाने ‘हेतु’ असे एकवचन वापरले आहे. तीन निरनिराळी कारणे नाहीत, तिन्ही मिळून एक कारण. टीकाकारांनी या एकवचनाकडे आवर्जून लक्ष वेधले आहे.

त्याच्याही आधी, इसवी सनाच्या दहाव्या शतकाच्या सुमारास, राजशेखराने ‘काव्यमीमांसे’त आणखी एक पाऊल टाकले. हा राजशेखर यायावर कुळातला आणि त्याचा पणजा ‘महाराष्ट्रचूडामणी’ म्हणून गौरविला गेलेला, म्हणजे तो आपल्याच मातीशी नाते सांगणारा. त्याने प्रतिभेचे दोन प्रकार केले. कारयित्री आणि भावयित्री. पहिली निर्मिती करते. दुसरी त्या निर्मितीचे मर्म ओळखते. महत्त्वाचे हे की ओळखण्याच्या शक्तीलाही त्याने प्रतिभा म्हटले. कवीचा वृक्ष सफळ होतो तो या भावयित्रीमुळे, असे त्याचे म्हणणे. राजशेखराने स्वतः ते आचरलेही. विदुषी पत्नी अवंतिसुंदरी हिची मते तो आपल्या ग्रंथात नावानिशी नोंदवतो.

त्याने रसिकांचे चार प्रकार सांगितले आहेत. ते आपल्या घरातील पालकांना आणि आपल्या समाजाला तंतोतंत लागू पडतात. पहिला अरोचकी. याला काहीच रुचत नाही. मुलाने नव्वद टक्के आणले, तर उरलेले दहा कोठे गेले, असे विचारणारा. दुसरा सतृणाभ्यवहारी. हा धान्याबरोबर गवतही खातो. मुलीने दोन ओळी गुणगुणल्या की तिला दूरचित्रवाणीच्या स्पर्धेत उभी करणारा, प्रत्येक चित्रफितीला वाहवा देणारा. तिसरा मत्सरी. याला गुण दिसतो, पण तो मुद्दाम बोलत नाही. कार्यालयात, संस्थेत, सभासंमेलनात याची भेट वारंवार होते. चौथा तत्त्वाभिनिवेशी. खरे तत्त्व शोधणारा, जे आहे ते पाहणारा आणि जे पाहिले ते सांगणारा. असा हजारांत एखादाच, असे राजशेखर म्हणतो.

रविवर्म्याचे मामा, मुरूडचे सोमण गुरुजी, रामेश्वरमचे अय्यर गुरुजी, बंदरात राबणारे दामू जाधव, न्यू जर्सीतील कार्पेंटरबाई ही सारी या चौथ्या पंक्तीतली माणसे. त्यांच्यापैकी बहुतेकांचे चरित्र कोणी लिहिले नाही. दुसऱ्यांच्या पुस्तकांत ती दोन-चार पानांपुरती येतात. मात्र ती पाने काढून टाकली, तर पुढची पाने लिहिलीच गेली नसती.

आपण काय करावे

शेवटी काही व्यावहारिक सूचना करतो.

पालकांनी मुलांच्या हाती कादंबरी अवश्य द्यावी, कारण मोठेपणाची ओढ तिच्यामुळे लागते. तिच्या जोडीने त्याच काळाचे, त्याच व्यक्तीचे चरित्र किंवा आत्मचरित्र द्यावे. यशाच्या सूत्रांचे पुस्तक घरात आले, तर ते जरूर वाचावे. पण ते वाचून झाल्यावर मुलाला एकच प्रश्न विचारावा, या माणसाला कोणी मदत केली, हे पुस्तकात कोठे आहे? ते कोठेच नसेल, तर त्या पुस्तकावर किती विश्वास ठेवायचा, हे मुलाला आपोआप कळेल.

वाचनालयांनी चरित्र-आत्मचरित्रांचा विभाग दर्शनी ठेवावा. अनेक जुनी आत्मचरित्रे आज दुकानात मिळत नाहीत, ती आपल्यासारख्या वाचनालयांच्या कपाटांतच उरली आहेत. दहावी-बारावीच्या मुलांसाठी महिन्यातून एकदा एका आत्मचरित्राचे सामूहिक वाचन ठेवणे कोणालाही शक्य आहे.

आणि वस्त्यांत, पाड्यांवर, अभ्यासिकांत काम करणाऱ्या कार्यकर्त्यांना माझे विशेष सांगणे आहे. प्रज्ञावंत मुले शोधून त्यांना सामाजिक जाणिवेसह घडवावे, या हेतूने डॉ. अप्पा पेंडसे यांनी १९६२ साली पुण्यात ज्ञान प्रबोधिनीची स्थापना केली. गोव्यातील माशेल गावी जन्मलेले, गिरगावात आईच्या कष्टांवर वाढलेले डॉ. रघुनाथ माशेलकर आजही भावे सरांचे नाव घेतात. बहिर्गोल भिंगाने सूर्यकिरण एकवटून कागद जाळून दाखविणारे, एकाग्रतेचा धडा देणारे सर. पुढे टाटा विश्वस्त निधीच्या दरमहा साठ रुपयांच्या शिष्यवृत्तीने त्यांचे शिक्षण तरले. साठ रुपये आणि एक भिंग! एवढ्या भांडवलावर देशाला एक शास्त्रज्ञ मिळाला. आपल्या वस्तीत असे मूल नाही, असे छातीठोकपणे कोण म्हणू शकेल?

म्हणून प्रत्येकाने निदान एका मुलाकडे या दृष्टीने पाहावे. ते मूल आपल्या घरातले नसले, तर अधिक चांगले. त्याला काय आवडते, त्याचा हात कशात चालतो, तो कोठे अडतो, हे वर्षभर पाहावे. त्याची फी, त्याचा गुरू, त्याला बसायला एक शांत कोपरा यांपैकी जे शक्य असेल ते द्यावे. तो पुढे मोठा झाला नाही, तरीही त्याला कोणीतरी पाहिले होते, एवढे त्याच्यापाशी राहील.

गुणवंत होणे सर्वांच्या हाती नसते. गुणग्राहक होणे मात्र अभ्यासाने साधते आणि त्या अभ्यासाची पुस्तके या वाचनालयात आपल्या हाताच्या अंतरावर आहेत. ती घरी न्यावीत, वाचावीत आणि मुदतीत परत करावीत, म्हणजे पुढच्या वाचकाला मिळतील, एवढी विनंती करून मी थांबतो.